नलूताईंच्या बाहुलीचं माप

परळच्या एका डोळ्यांच्या इस्पितळात तिसऱ्या मजल्यावर एक काळी खोली आहे. काळी म्हणजे खरोखरच काळी. भिंती, छत, दारामागचा जाड पडदा, सगळं. त्या खोलीत नलूताई पाळंदे आपल्या एकतीस वर्षांच्या नोकरीतली गेली दहा वर्षं रोज सकाळी एकट्या बसत आल्या. ध्यानधारणा वगैरे काही नाही, यंत्राची तपासणी. वीस मिनिटं अंधारात बसायचं, म्हणजे डोळा अंधाराला सरावतो. मग यंत्राच्या कट्ट्यावर हनुवटी टेकवायची आणि पाचव्या खुणेवरचा बारीक दिवा दिसतो का ते बघायचं. जेमतेम दिसला पाहिजे, लख्ख दिसून उपयोग नाही. तसा दिसला की यंत्र ठीक. मग पडदा सारायचा आणि पहिल्या पेशंटला हाक मारायची.

पूर्वी या कामाला मीटर होतं. दहा वर्षांपूर्वी ते बिघडलं, दुरुस्तीला गेलं, आणि गेलं ते गेलंच. नव्या मीटरचा अर्ज कुठल्या टेबलावर अडकला ते देव जाणे. तेव्हाचे मोठे सर म्हणाले, नलूताईंचा डोळा आहे की आपल्याकडे, मीटर हवंय कुणाला! नलूताईंना ते ऐकून बरं वाटलं होतं. खोटं कशाला बोला, फार बरं वाटलं होतं. इस्पितळात टेक्निशियनला चांगलं कोण म्हणतंय? चुकलं तर नावानं हाक, बरोबर आलं तर डॉक्टरांचं नाव.

काम तसं सोपं, पण माणसाला पिळून काढणारं. ज्यांच्या डोळ्याचा पडदा हळूहळू मरत जातो, ज्यांना संध्याकाळ झाली की दिसेनासं होतं, अशी माणसं दरवर्षी तपासायची. समोर दिवा किती तेजाचा आहे एवढ्यानं भागत नाही. त्यातला आतल्या पडद्यापर्यंत पोचतो किती, ते बाहुली किती उघडते त्यावर असतं. मोठ्या खिडकीतून जास्त उजेड येतो, लहानीतून कमी, इतकी साधी गोष्ट. म्हणून नलूताई मंद तांबड्या उजेडात पेशंटच्या बाहुलीला मोजपट्टी लावायच्या, तिचं क्षेत्रफळ काढायच्या आणि त्याला दिव्याच्या तेजानं गुणायच्या. येणाऱ्या आकड्याला ट्रोलँड म्हणतात. असे चारशे तेरा पेशंट, दरवर्षी, दोन-दोन डोळे. सगळं रजिस्टरात, निळ्या शाईत, एकही खाडाखोड नाही.

रजिस्टरात रोजच्या पानावर सगळ्यात वर एक ओळ नलूताईंची स्वतःची असे. तपासनीस: न. पाळंदे. बाहुली: ६.४ मिलिमीटर. हे माप मीटर बिघडलं त्या आठवड्यात घेतलेलं. त्यानंतर रोज ते नुसतं उतरवलं जाई. आपलं नाव लिहावं, पत्ता लिहावा, तसं. स्वतःचा पत्ता रोज कोण तपासून बघतं?

यंदा गणपती उरकून आठवडा झाला होता. लालबाग-परळ अजून मांडवाचे बांबू उतरवत होतं, पेशंट तुरळक होते. नलूताईंचे पाय सुजले होते. अकरा वर्षांची शुगर, गिरगावातून दोन बस, लिफ्ट बंद म्हणून तीन जिने. निवृत्तीला आठ महिने राहिलेले. त्या बोटांवर महिने मोजायच्या आणि मग मोजल्याबद्दल स्वतःवरच चिडायच्या. अशा दिवसांत खोक्यातून एक नवा कॅमेरा आला. मिट्ट काळोखात बाहुलीचं माप घेणारा. मोजपट्टी नको, तांबडा दिवा नको. खात्याचे आताचे प्रमुख डॉ. राजस सकाळच्या मीटिंगला गेले होते. कुठलीही नवी वस्तू आली की आधी स्वतःवर बघायची, ही नलूताईंची सवय. अंधारात बसल्या, हनुवटी टेकवली, बटण दाबलं.

कॅमेऱ्याच्या पडद्यावर आकडा आला: ४.६.

कॅमेरा बिघडलेला आला म्हणायचा, असं पुटपुटत त्यांनी पुन्हा घेतलं. ४.६. डावा डोळा, ४.५. मग बाहेरच्या शिपाईणबाईंना बोलावलं, त्यांच्या बाहुलीचं माप मोजपट्टीनं घेतलं आणि कॅमेऱ्यानंही घेतलं. दोन्ही मापं जुळली. तेव्हा नलूताई स्टुलावर बसल्या त्या बराच वेळ उठल्याच नाहीत.

हिशेब त्यांना कागदावर करावा लागलाच नाही. एकतीस वर्षं दुसरं केलं काय होतं? वयानं आणि शुगरनं बाहुली आकसली. सहा पूर्णांक चारची चार पूर्णांक सहा म्हणजे क्षेत्रफळ जवळजवळ निम्मं. म्हणजे त्यांच्या पडद्यावर पडणारा उजेड निम्मा. दरवर्षी कधीतरी पाचव्या खुणेवरचा दिवा त्यांना दिसेनासा व्हायचा, आणि दरवर्षी त्या म्हणायच्या, दिवा म्हातारा झाला. मग बटण केसभर पुढे. दिवा दोनदा बदलला, नवाही आपल्याच डोळ्यानं जुळवला. म्हातारं कोण होत होतं, हे त्या काळ्या खोलीत एकदाही त्यांच्या मनात आलं नाही. दिवा दुप्पट झाला आणि रजिस्टरात जुनंच तेज लिहिलं जात राहिलं. ज्या बाईनं दहा वर्षं प्रत्येकाची बाहुली मोजली, तिनं स्वतःचीच मोजली नाही.

आणि मग मालनबाई आठवल्या.

मालनबाई लालबागच्या चाळीतल्या. साठीच्या, मूळ मालवणकडच्या. नवरा गिरणीतला, गिरणीबरोबरच संपलेला. त्या स्वतः मसाला कुटायच्या डंकावर मिरच्या निवडायला जायच्या. दहा वर्षं दर नोव्हेंबरला तपासणीला येत होत्या. गेली तीन वर्षं त्या एकच सांगत होत्या, की ताई, संध्याकाळी जिना दिसत नाय, समोर माणूस उभा असला तरी कळत नाय. आणि नलूताई त्यांना यंत्रावर बसवून दिवा दाखवत. मालनबाईंना सातव्या, म्हणजे जरा जास्त तेजाच्या खुणेवरचा दिसे. पहिल्या वर्षी सातवी खूण, दहाव्या वर्षीही सातवीच. नलूताई कागदावर लिहीत: फरक नाही. वर समजूत घालत, की मालनबाई, भीती मनाची असते, आकडा खोटं बोलत नाही. गेल्या वर्षी तर जरा तिरसटपणेच बोलल्या होत्या, कारण बाहेर अकरा पेशंट होते आणि पाय ठणकत होते.

मालनबाईंचा पडदा खराब होत होता आणि नलूताई त्यांच्यासमोर दिवा वाढवत नेत होत्या. दोन्ही बरोबरीनं. फरक दिसणार कुठून?

डॉ. राजस आले तेव्हा नलूताईंनी दारातच सगळं सांगितलं. माणूस वाईट नाही. त्यांनी शेजारच्या कॉलेजातून मीटर मागवलं, दुसऱ्या दिवशी दोघांनी मोजलं, आणि दिवा हवा त्याच्या दुपटीला जरासाच कमी निघाला. डॉक्टर चष्मा काढून डोळे चोळत बसले. याच चारशे तेरा पेशंटांवरचा दहा वर्षांचा अभ्यास, पुढच्या महिन्यात छापायला जायचा होता. नलूताईंना त्यांची कीव आली आणि स्वतःची त्याहून जास्त. डॉक्टर म्हणाले की समितीपुढे ठेवावं लागेल, मग पत्रं जातील, सगळं रीतसर, पाच-सहा महिने. तोवर पेशंटांना काही बोलू नका. तसंही या आजारावर औषध नाही, आधी कळून त्यांचं काय वाचणार होतं?

औषध नव्हतं हे तर खरंच होतं.

घरी अप्पांना सांगितलं. अप्पा म्हणजे त्यांचे थोरले भाऊ. दोघंही बिनलग्नाची, गिरगावातल्या दोन खोल्यांत एकमेकांचे पथ्याचे डबे सांभाळत जगणारी. अप्पा पेपर खाली न करता म्हणाले, की आठ महिने राहिलेत नले, डॉक्टर सांभाळतोय ना, मग कशाला लष्कराच्या भाकऱ्या भाजतेस? नलूताईंनाही तेच हवं होतं. त्यांना निजायचं होतं. एकतीस वर्षं दुसऱ्यांच्या डोळ्यांत बघून त्यांचा जीव विटला होता, आणि आता शेवटी हे.

पण झोप कसली लागते? तिसऱ्या दिवशी त्यांनी जुनी कागदपत्रं काढून मालनबाईंचा पत्ता एका चिठ्ठीवर उतरवला. संध्याकाळी सुटल्यावर गिरगावची बस न धरता पाय ओढत लालबागला निघाल्या. रस्ताभर स्वतःलाच शिव्या घालत होत्या, की बाई, तुला कुणी सांगितलं होतं?

चाळ जुनी, खोली तिसऱ्या मजल्यावर. पुन्हा तीन जिने. बाहेर अजून उजेड होता, पण जिन्यात आत्ताच काळोख झाला होता, आणि नलूताईंना स्वतःलाच कठडा चाचपावा लागला. तेव्हा त्यांना कळलं, की इथं रोज काय होत असेल.

दार उघडंच होतं. मालनबाई पलंगावर भिंतीला टेकून बसल्या होत्या. त्यांची सून सीमा नुकतीच कामावरून आली होती. एका मॉलच्या बिलिंग काउंटरवर दिवसभर उभी राहणारी पोरगी, खांद्यावरची पर्सही उतरवली नव्हती. इस्पितळाच्या बाई घरी आलेल्या बघून ती घाबरली. मग बसायला खुर्ची दिली आणि बोलायला लागली. बरं झालं आलात मॅडम, आता तुम्हीच सांगा यांना. संध्याकाळ झाली की या जागेवरून हलत नाहीत. भाजी चिरायची नाही, दूध आणायचं नाही. यांचा मुलगा, वैभव, म्हणतो, रिपोर्टमध्ये फरक नाही लिहिलंय, मग हे काय? तिनं फ्रिजच्या दाराकडे बोट केलं. गेल्या नोव्हेंबरचा कागद तिथे लोहचुंबकानं लावून ठेवला होता. फरक नाही. खाली निळ्या शाईत नलूताईंची सही.

सीमा दुष्ट नव्हती, थकलेली होती. थकलेलं माणूस कसं बोलतं हे नलूताईंना शिकवायला नको होतं.

मालनबाई भांडून झालेल्या माणसासारख्या पदराचं टोक बोटाला गुंडाळत होत्या.

नलूताई वाटेत पुष्कळ जुळवून आल्या होत्या. बाहुली, दिवा, क्षेत्रफळ, सगळं सोपं करून. त्यातलं काही तोंडातून येईना. त्या उठल्या, फ्रिजवरचा कागद काढला आणि चारदा घडी घालून पिशवीत टाकला.

"हा कागद चुकीचा आहे," त्या सीमाला म्हणाल्या. "यंत्र माझ्या डोळ्यावर लावलेलं होतं, आणि माझा डोळा म्हातारा झाला ते मला कळलं नाही. यांना दाखवलेला दिवा दुप्पट मोठा होता. यांना संध्याकाळी दिसत नाही म्हणजे खरंच दिसत नाही. तीन वर्षं या खरं सांगत होत्या."

सीमानं खांद्यावरची पर्स काढून खाली ठेवली, उगाच, काहीतरी करायचं म्हणून.

नलूताई मालनबाईंच्या पायाशी बसल्या. त्यांना वाटलं, आता या बोलतील आपल्याला, आणि बोलावंच त्यांनी. इस्पितळात तक्रार करतील, पेन्शन अडकेल, अडकू दे.

"म्हणजे मला खरंच दिसत नव्हतं?" मालनबाईंनी विचारलं.

"खरंच दिसत नव्हतं. आणि औषध नाही हो याला. मी काही घेऊन आलेले नाही."

"औषधाचं ऱ्हवू दे." मालनबाई म्हणाल्या. "घरचे म्हणायचे ता सोडा ताई. तुम्ही लिहून दिलात, तेव्हा मीच मला नाटकी समजाक लागले. अंधारात हात पुढे करायची, आणि मनात म्हणायची, मालन, कशाला ढोंग करतेस?"

नलूताईंना रडू आलं. त्यांनी ते आवरलं नाही. आवरण्याइतकं त्राणही नव्हतं अंगात. मालनबाईंनी हात चाचपडत त्यांच्या खांद्यावर ठेवला आणि तसाच राहू दिला.

खिडकीबाहेरचा उजेड गेला. सीमानं ट्यूब लावली. शेजारच्या खोलीत कुकरची शिटी झाली.

मग मालनबाई सुनेकडे तोंड करून म्हणाल्या, "सीमा, दुपारी तीननंतर मी पाणी पीत नाय. तीन वर्षं झाली."

सीमाला कळेना. कशाला, असं तिनं विचारलं.

"संडास गॅलरीच्या टोकाला. तिकडचा बल्ब कायम गेलेला. हात धर म्हटलं असतं तर तुम्ही म्हणाला असतात, आई नाटक करते. म्हणून प्यायचंच नाय. सकाळपर्यंत काढायचं."

सीमा आत गेली, पाण्यानं भरलेला तांब्या घेऊन आली आणि पलंगाच्या कडेला गुडघे टेकून बसली. मालनबाईंनी तो दोन्ही हातांत धरला आणि कुठंही न थांबता, घशाचा आवाज करत, रिकामा होईपर्यंत प्यायल्या. तोंड पुसलं. मग तांब्या पुढे करून म्हणाल्या, आणखी दे.