मोठ्या तोंडाची स्पर्धा

नर्सबाईंनी कुणाला ‘तंबाखू सोड’ म्हटलेलं मी कधी ऐकलं नाही. त्या तंबाखूचं कौतुकच करायच्या. मिसरी लावणाऱ्या म्हातारीला तिखट झोंबायला लागलं की सुनेला म्हणायच्या, “चला, मिरचीचा खर्च वाचला तुमचा.” घर हसायचं, आणि दुसऱ्या दिवशी म्हातारी गुपचूप तोंड दाखवायला यायची.

मी तेव्हा उधवा गावची आशाताई, आरोग्य केंद्रात बाईंच्या हाताखाली. एकदा विचारलं, “बाई, सरळ का नाही सांगत?”

“सरळ सांगितलं की माणसं मान डोलावतात,” त्या म्हणाल्या, “आणि डोलावता डोलावता तंबाखू मळतात.”

नोटाबंदीच्या सुमारास त्यांनी आठवडे बाजारात स्पर्धा लावली. तोंडात तीन बोटं उभी घाला, वडापाव घ्या. तंबाखू-गुटख्यानं जबडा आखडला की ती मावत नाहीत. “गावात मोठ्या तोंडाचं कोण आहे, पुढे या,” बाई ओरडत होत्या.

पिकअप चालवणारा रमण पुढे आला. समोरची पानटपरी त्याच्या भावाची.

“बाई, हा तमाशा बंद करा. धंदा बसवला तुम्ही.”

“करते. तेवढी बोटं घालून दाखव.”

त्यानं गालातला गुटखा थुंकला. दोन बोटं कशीबशी गेली. तिसरी जाईना. कोणीतरी खिदळलं. रमणनं स्टूल उचललं. माझ्या हातातले वडे खाली पडले.

बाई जागच्या हलल्या नाहीत. “हसू नका कुणी,” त्या गर्दीला म्हणाल्या. मग हळूच त्याला विचारलं, “भाकरी कधीपासून कुस्करून खातोस?”

“होळीपासून,” तो म्हणाला, आणि स्टूल खाली ठेवलं.

सकाळी त्याच्याच पिकअपमधून आम्ही डहाणूला गेलो. डॉक्टरांनी गालाचा तुकडा तपासायला पाठवला. रिपोर्ट येईपर्यंत बाईंनी एकही विनोद केला नाही. कॅन्सर नव्हता. पण जबडा पुरता सुटणार नाही, आणि पुडी चालू राहिली तर पुढचं सांगता येत नाही, असं डॉक्टर म्हणाले.

पुढच्या वर्षी बाईंची बदली झाली. सामान रमणनंच डहाणू रोड स्टेशनला पोचवलं, मीही सोबत होते. गाडी सुटल्यावरही तो फलाटावर उभा होता. परतताना तलासरीच्या नाक्यावर त्यानं पिकअप थांबवली आणि पानटपरीकडे गेला. आता त्याला अडवायला बाई नव्हत्या.

तो लिमलेटच्या गोळ्या घेऊन आला. एक मला दिली, एक तोंडात टाकली, आणि डोळे पुसत गाडी चालू केली.