कमलेशच्या पोटातली हिरकणी

“मॅडम, पेशंटनं हिऱ्याची कणी गिळलीय. आणि पाळी येत नाही म्हणते. एक्स-रे काढू की थांबू?”

सतबीर, आमचा एक्स-रे टेक्निशियन, दारातूनच विचारत होता. तुम्हाला यातली हिऱ्याची कणी मोठी वाटेल. सतबीर मात्र अडला होता पाळीपाशी. बाई तरुण असेल तर एक्स-रेच्या आधी शेवटची पाळी कधी आली ते विचारायचंच, असा नियम आहे. पोटात मूल असेल तर किरण जपून वापरावे लागतात. उत्तराची खात्री वाटली नाही, तर रेडिऑलॉजिस्टला बोलवायचं. रेडिऑलॉजिस्ट म्हणजे मी. फिल्म, सोनोग्राफी, सीटी बघून आत काय चाललंय ते सांगणारी डॉक्टर. आम्हाला पेशंटचं तोंड फारसं दिसत नाही, बरगड्या दिसतात.

हॉस्पिटल फरीदाबादचं, मध्यम आकाराचं. मी मूळची पुण्याची. नवऱ्याच्या केंद्र सरकारच्या नोकरीमुळे सरोजिनी नगरच्या क्वार्टरमध्ये राहायचे आणि मेट्रो बदलत बदलत रोज तिकडे जायचे. ही हकीकत तिथलीच. बोलणं बहुतेक हिंदीत झालं. मी मराठीत लिहिते आहे, पण काही वाक्यं मराठीत आणायला जीभ वळत नाही, ती तशीच ठेवते.

टेबलावर विशी नुकतीच ओलांडलेली बाई होती. नाव कमलेश. हरियाणात हे बायकांचंही नाव असतं. रडत नव्हती, कण्हत नव्हती. डोळे छताला लावून पडली होती.

“पाळी का येत नाही?” मी विचारलं.

“बच्चा दूध पीता है.” मग स्वतःच सुधारून म्हणाली, “पीता था.”

अंगावर पिणारं मूल असलं की पुष्कळ बायकांची पाळी बरेच महिने येत नाही, त्यात विशेष काही नाही. पण हे ‘था’ काय?

“कुठाय बाळ?”

“पलवलमध्ये.”

पलवल म्हणजे तिथून तासाभरावरचं गाव. हॉस्पिटलचा गाउन पुढून दोन्हीकडे ओला झाला होता. मी हात लावून बघितलं. छाती दगडासारखी झाली होती आणि अंगात कणकण होती. नर्सला बोलावून लघवीची तपासणी करून घेतली. दिवस गेलेले नव्हते. मग सतबीरनं गळ्यापासून ओटीपोटापर्यंत फिल्म काढल्या, समोरून आणि बाजूनं.

बाहेर बाकावर तिची सासू होती. नवरा गुडगावला कुठल्याशा ऑफिसात काचेचं पार्टिशन बसवायला गेला होता. तीन पिढ्यांचा काचेचा धंदा. सासूनं पुरावा म्हणून पदराच्या टोकात बांधून एक वस्तू आणली होती. लाकडी दांड्याची कलम, काच कापायची. तिच्या टोकाला पितळेचं छोटं बोंड असतं आणि बोंडात हिऱ्याची कणी जडवलेली असते. बोंड आट्यांचं होतं, फिरवलं की निघायचं. ते जागेवर नव्हतं.

“माझ्या सासऱ्यांची कलम,” ती सांगत होती. “देव्हाऱ्यात ठेवतो आम्ही. आता सगळे चाकाचा कटर वापरतात. सकाळी बघितलं तर ही मोरीपाशी बसलेली, कलम हातात, टोक गायब. डॉक्टरनी, जी कणी काच चिरते ती आतडं सोडेल? वाचेल का ही?”

“बघते,” म्हटलं आणि आत आले.

फिल्म लाइटबॉक्सवर लावल्या. एक्स-रेमध्ये हवा काळी दिसते, हाड पांढरं, आणि धातू सगळ्यात पांढरा, डोळ्यात भरेल असा. हिरा मात्र फसवा. तो शेवटी कार्बनच, कोळशाच्या जातीचा. बारीक कणी असेल तर दिसेलच असं नाही. पण इथे कणी एकटी नव्हती, पितळेच्या बोंडासकट गेली होती. पितळ लपत नाही. मी घसा, छाती, जठर, आतडी, सगळं इंच इंच बघितलं. पोटात बोंड नव्हतं.

तेवढ्यात साळवी आला. आमच्या इमर्जन्सीचा सर्जन. आईवडील मुंबईचे, पण हा जन्मापासून दिल्लीत. मराठी बोलतो झकास, फक्त शब्दांचा साठा बेताचा.

“काय मॅडम, सापडला का कोहिनूर?”

“साळवी, चेष्टा नको. हिरकणी गिळली असं घरचे म्हणतायत.”

“हिरकणी? ती रायगडवाली ना? रात्री कडा उतरून बाळाकडे गेली ती?”

“तीसुद्धा. पण हिरकणी म्हणजे मुळात हिऱ्याचा बारीक तुकडा. काचवाले तो कलमेच्या टोकाला बसवतात. आपण म्हणतो काच कापली, पण काच कुणी कापत नाही. हिरकणीनं ओरखडा काढायचा आणि त्या ओरखड्यावर ती मोडायची. जुन्या गोष्टींत अब्रूवर बेतलं की राजेलोक हिरकणी खाऊन जीव द्यायचे. हिंदीत तीच चाटतात. आणि हल्ली आपल्याकडे एसटी स्टँडवर बाईला मूल पाजायला आडोशाची खोली असते ना, तिलाही हिरकणी कक्ष म्हणतात.”

“एवढ्याशा कणीला केवढी कामं लावलीत यार तुम्ही लोकांनी. पण ती विष असते का खरंच?”

“छे रे! लोकांची समजूत. टोकदार खडा गिळला तर लक्ष ठेवतो तसं ठेवायचं, बस. पण आत बोंडच नाहीये.”

साळवीनं फिल्मवर नजर फिरवली. “मग झालं की! ड्रामा आहे सगळा. सासू-सुनेची भांडणं. पोलीस चौकीला कळवलंय, ते जबाब घेतील. संध्याकाळी डिस्चार्ज देऊन टाकतो. बेड नाहीयेत माझ्याकडे, माहितीय ना?”

मी तशी तापट. त्या दिवशी जरा जास्तच तापले.

“साळवी, तिच्या पोटात काही नाही, एवढंच फिल्म सांगते. ती सकाळी कलम हातात घेऊन मोरीपाशी का बसली, ते फिल्मवर येत नाही. आज हिला ड्रामा म्हणून घरी पाठवलंस आणि उद्या काही झालं, तर? थांब जरा. मी बोलून येते.”

“तुम्ही? रेडिऑलॉजीवाले कधीपासून पेशंटशी बोलायला लागले?”

“आजपासून.”

कमलेशला वॉर्डच्या टोकाच्या बेडवर हलवलं होतं. मी पडदा ओढला, स्टूल घेतलं आणि सरळच सांगितलं. “बघ बाई, तुझ्या पोटात ती कणी नाही. मी बघितलंय. आणि असती तरी तिच्यानं कुणी मरत नाही, हेही ऐकून ठेव. आता खरं काय ते सांग.”

पहिल्यांदा तिनं माझ्याकडे बघितलं.

सांगितलं ते असं. थोरल्या जावेला मूल नव्हतं. कमलेशला दुसऱ्यांदा दिवस गेले तेव्हाच घरात ठरलं, हे मूल तिला द्यायचं. घरातलंच मूल घरातच राहतं, त्यात रडायचं काय, अशी त्यांच्याकडची रीत. पाच महिने तिनं पाजलं. मग एके दिवशी जाऊ पलवलहून आली आणि बाळाला घेऊन गेली. नवरा मान खाली घालून उभा होता. मोठी मुलगी रोज विचारते, भय्या कुठाय.

“तोंडात ठेवली होती मी,” कमलेश म्हणाली. “जिभेला पितळ लागलं. आणि मॅडम, तेव्हाच दूध उतरलं. त्याच्या भुकेची वेळ होती ती. मी थुंकून टाकली. मोरीतून गेली.”

“मग सांगितलं का नाहीस?”

“सासूनं रिकामी कलम बघितली आणि किंचाळली. सगळे धावत आले. पहली बार किसी ने पूछा, कमलेश, क्या हुआ? बच्चा ले गए, तब किसी ने नहीं पूछा था.” तिनं माझा हात धरला. “उनको मत बताना.”

आता काय करायचं सांगा! खरं सांगितलं की घरचे सुटकेचा श्वास टाकणार, हिला दोन शिव्या घालणार आणि घेऊन जाणार. बाळ पलवललाच. हिच्या हातात जोर होता तो एका खोट्या भीतीचा. आणि ती भीती काढून घ्यायची किल्ली माझ्याकडे.

मी खोटं बोलले नाही. पेशंट आपल्याशी बोलते ते तिचं असतं, तिच्या परवानगीशिवाय ते बाकावर जाऊन वाटायचं नसतं, हे डॉक्टरकीत शिकवतात. साळवीला सगळं सांगितलं, कारण पेशंट त्याची. त्यानं तिची फाइल परत उघडली. मग म्हणाला, “बेड देतो. सायकियाट्रीला कॉल टाकतो. सॉरी मॅडम.” चांगला पोरगा आहे, फक्त घाईत असतो.

मग आम्ही दोघं सासूकडे गेलो. ती उठून उभी राहिली.

“लक्ष ठेवावं लागेल,” साळवी म्हणाला. “काही दिवस इथेच.”

“आणि बाळाला आणा,” मी म्हटलं. “तिची छाती भरलीय, ताप चढतोय, गळू होईल. बाळ प्यायलं पाहिजे.” यातला शब्द न् शब्द खरा होता.

“पण तो तर दिला आम्ही,” सासू म्हणाली.

“दिला? मूल म्हणजे काय बरणीतलं लोणचं आहे, वाटीभर जावेला द्यायला?” माझ्या तोंडून गेलंच. साळवीनं माझा कोपर दाबला. सासू रागावली नाही. ती घाबरली होती, मनापासून. डोळे पुसत म्हणाली, “माझी मोठी सून दहा वर्षं रडतेय डॉक्टरनी. मला वाटलं, एक हसेल तर दुसरी सोसून घेईल.” माझा राग तिथे थोडा उतरला. त्या घरात दुष्ट कुणीच नव्हतं. नुसतं विचारायचं राहून गेलं होतं.

नवरा गुडगावहून परस्पर पलवलला गेला आणि अंधार पडायच्या आत बाळ घेऊन आला. बाळाला बाटलीची सवय लागली होती, ते आधी तोंडच लावेना. चिडलं, रडलं, लालबुंद झालं. कमलेश त्याच्या गालावर बोट फिरवत राहिली. नर्सनं थोडं दूध काढून त्याच्या ओठांना लावलं. मग त्यानं धरलं. मी पडद्याबाहेर आले आणि सतबीरला उगाचच कशावरून तरी रागावले.

दुसऱ्या दिवशी नवरा माझ्या खोलीत आला. सडपातळ माणूस, बोटांवर जुन्या कापल्याच्या रेघा. “मला फिल्म दाखवाल?” म्हणाला. मी लावली.

तो खूप वेळ बघत होता. “हे पांढरं काय?”

“गाउनची सेफ्टी पिन. नाडी तुटली होती म्हणून नर्सनं लावली. धातू असाच चमकतो.” बोलून गेले आणि जीभ चावली.

“पीतल भी?”

मी काही बोलले नाही. न बोलण्याचाही अर्थ होतो, तो त्याला कळला. त्यानं परत फिल्म बघितली, खालपासून वरपर्यंत, काचेतला दोष शोधावा तशी. मग त्यानं स्वतःच फिल्म उतरवली, पाकिटात घातली, पाकीट माझ्या टेबलावर ठेवलं आणि हात जोडले.

बाहेर सासू उभी होती. दार उघडंच होतं.

“क्या दिखा रे?”

“अभी अंदर है, अम्मा,” तो म्हणाला. “डॉक्टर कहते हैं, बहुत दिन लगेंगे. तू भाभी को फोन कर दे. छोरा अब कमलेश के पास ही रहेगा.”

सासूनं फोन लावला. पलीकडून रडण्याचा आवाज आला, तो मला माझ्या खुर्चीपर्यंत ऐकू आला. त्या बाईसाठी मी काही करू शकले नाही. तेवढं अजून लागून राहिलंय.

कमलेश आमच्या सायकियाट्रिस्ट बाईंकडे पुढे बरेच महिने येत होती. बाळ कडेवर असायचं.

आम्ही रेडिऑलॉजिस्ट रिपोर्टच्या तळाशी एक ठरलेलं वाक्य टाकतो: ‘पेशंटच्या लक्षणांशी ताडून पाहावे.’ मीही वर्षानुवर्षं टाकलं, शिक्का मारावा तसं. आता नव्या मुलांना सांगते, ते वाक्य टाकायच्या आधी खुर्चीतून उठा आणि एक्स-रेच्या टेबलापर्यंत, पेशंटपाशी, जाऊन या. फार लांब नसतं.