गवतातलं घर

अकोटच्या बाजारात मोहफुलांचा वास आला की माझे हात आजही गार पडतात.

मेळघाटच्या सहलीत, उतरायला मनाई होती तिथंच, आमच्या कोरकू गाईडनं मोहाच्या झाडाखाली जीप थांबवायला लावली आणि चपला काढून तो उंच वाळक्या गवतात शिरला. वाटेत वाघाच्या पंजांचे ताजे ठसे दिसले होते. गवत हललं. मी बायकोचं मनगट घट्ट धरलं.

"भाऊ, या ना वापस!" ड्रायव्हर दबक्या आवाजात म्हणाला.

तो सावकाश आला. बोटांना माती होती.

"वाघासाठी सरकारनं गाव उठवलं जी, पण माही चूल अठीच हाये. चुलीपाशी चपला घालून कसा जाऊ?"

तेव्हा मी वाघाला भ्यालो. आता स्वतःच्या घराचं कुलूप उघडताना ते गवत आठवतं, आणि वाघ नसतानाही भीती वाटते.