मोळीवाल्या बाईचं फुटेज

नव्वदच्या दशकात मी नाशकात लग्नांचं शूटिंग करायचो. अधूनमधून एका निर्मात्याकडे माहितीपटांचं काम मिळे. जंगलतोडीवरच्या फिल्मसाठी आम्ही हरसूलच्या पुढच्या डोंगरात गेलो होतो, तेव्हा एक बाई डोक्यावर मोळी घेऊन उतारावरून येताना दिसली. कॅमेऱ्यासमोर ती थांबली. मोळी खाली टाकून तिने मागच्या उघड्याबोडक्या उताराकडे हात केला. "उभी झाडं ट्रकात भरून नेली. आमी वाळलेलं येचतो, तर आमालाच आडवत्यात."

ती फिल्म अर्धवट राहिली. टेप निर्मात्याच्या कपाटात गेल्या, एक कॉपी माझ्याकडे उरली.

दहाएक वर्षांनी त्या निर्मात्याने नवी फिल्म केली आणि शहरातल्या एका सभागृहात दाखवली. मध्येच पडद्यावर तीच बाई आली. चाल संथ केलेली, मागे रडकी बासरी, आणि निवेदक भारदस्त आवाजात सांगत होता की स्थानिकांच्या कुऱ्हाडीने हे जंगल संपवलं. तिच्या हातात कुऱ्हाड नव्हतीच. ती थांबून बोलायला लागते, त्याच्या नेमकं आधी शॉट कापलेला. लोक हळहळले. माझं डोकं फिरलं.

बाहेर मी त्याला गाठून जाब विचारला. चहाचा घोट घेत तो म्हणाला, "जुन्या फुटेजला वजन असतं रे. आणि ती बाई कुठं बघायला येणार आहे?"

फिल्मची सीडी आणि माझी टेप घेऊन मी हरसूलला गेलो. आठवडे बाजारात विचारत विचारत तिचा पाडा सापडला. केस पांढरे झाले होते, पण तिने मला ओळखलं. तिच्या मुलाच्या घरी टीव्हीला प्लेअर जोडून मी आधी निर्मात्याची फिल्म लावली, मग माझी टेप.

"माजं बोलनं कुठं गेलं?" तिने विचारलं.

कापलं, मी म्हणालो. कोणी, ते सांगितल्यावर ती म्हणाली, "मंग मला तितं ने."

पुढच्या खेळाला आम्ही एसटीने नाशकात आलो. फिल्म संपताच ती उठून उभी राहिली आणि म्हणाली की ही बाई मी आहे, आणि मी झाड तोडलेलं नाही. निर्मात्याने हात जोडले, तिला "आई" म्हटलं, पुढच्या रांगेत बसवलं आणि वेळ संपल्याचं जाहीर केलं. ट्रकांचं सांगायचं राहूनच गेलं. परतीच्या गाडीत ती खिडकीकडे तोंड करून बसली होती.

पुढे त्याने तिचा शॉट काढला. मला वाटलं, निदान एवढं तरी झालं. मग ती फिल्म पुन्हा बघितली. तिच्या जागी दुसरीच कुणी मोळीवाली होती, पाठमोरी, कुठल्या गावची कोण जाणे. वर निवेदकाचं वाक्य जसंच्या तसं होतं.