पांझरेच्या घाटाची फीत

मी धुळ्याला शाळेत विज्ञान शिकवतो. कुणी भुताखेतांचं बोलू लागलं की मी हसतो आणि कारण विचारतो... आज लिहितोय, कारण या एका दुपारचं कारण मलाच सापडलेलं नाही.

दुसऱ्या महायुद्धाच्या आधी भुसावळच्या एका रेल्वे साहेबाकडून मी जुना सिनेमा-कॅमेरा आणि हाताने फिरवायचा प्रोजेक्टर घेतला. आठवडे बाजार, बैलांची शर्यत, पांझरेचा घाट — दिसेल ते टिपलं. लोक हसायचे, "मास्तर, आपलाच घाट, तो कोण बघणार?" दोन वर्षांनी त्या पायऱ्या पुरात वाहून गेल्या. तेव्हापासून दर पावसाळ्यानंतर मी फिती डब्यांतून काढतो, बुरशी लागली का बघतो, मऊ कापडाने वीत वीत पुसतो. घाटाची फीत तीनच मिनिटांची. तिच्यातली बाई न् बाई मला पाठ आहे.

गेल्या दिवाळीनंतर आमच्याकडे दूध घालणाऱ्या अक्का दारातच घुटमळल्या. मी घाट टिपला, त्यानंतर महिन्याभरात त्यांची आठ वर्षांची सोनी तापाने गेली होती. फोटो एकही नाही, आणि आता तिचा चेहराही त्यांना आठवेनासा झाला होता.

"मास्तर, त्या दिन सोनी घाटवरच व्हती. तिनं तोंडच आते याद येस नही..."

"अक्का, ती फितीत नाही हो. मी शेकडो वेळा पाहिलीय."

"दखू तर द्या."

नाही म्हणवेना. भरदुपारी खिडक्यांना घोंगड्या लावल्या, भिंतीवर धोतर ताणलं. शेजारी माझी बायको, पुढे अक्का. मी हँडल फिरवू लागलो. बायका धुणं आपटताहेत, एक म्हातारा पाण्यात शिरतोय... आणि डावीकडच्या रिकाम्या पायरीवर एक परकरी पोर! ओले केस पिळत होती. तिने मान वळवली, सरळ आमच्याकडे पाहिलं आणि हसली. पुढचा दात पडलेला.

"सोनी! दखा, हासी राहिनी!" अक्का हात पुढे करून उठल्या. धोतरावर त्यांची सावली पडली, तशा चटकन खाली बसल्या.

फीत संपली. बायको हळूच म्हणाली, "अहो, ही पोर आधी कधी दिसली नव्हती." म्हणजे तिलाही दिसली होती...

मी लगेच पुन्हा लावली. म्हातारा पाण्यात शिरला. डावीकडची पायरी रिकामी. तिसऱ्यांदाही रिकामीच. दुसऱ्या दिवशी उन्हात बसून, भिंग घेऊन एकेक चौकट तपासली. नाही.

अक्कांना खरं ते सांगितलं. त्या रागावल्या नाहीत. मी घाट टिपला त्याच्या आदल्याच दिवशी सोनीचा दात पडला होता, एवढं म्हणाल्या. पुन्हा लावू का विचारलं, तर दूध ओतता ओतता मान हलवली. "राहू द्या मास्तर. आते याद येस."

सुटलो नाही तो मीच. सुट्टीच्या दुपारी फीत लावतो आणि त्या पायरीवर डोळे लावून बसतो. भ्रम म्हणावा, तर तिघांना एकच कसा? आणि त्या दाताचं मला कुठे माहीत होतं?

परवा डब्यावर नवी चिठ्ठी चिकटवली — 'पांझरेचा घाट, पुराआधी. बायका अकरा, म्हातारा एक.' लेखणी पुन्हा दौतीत बुडवली. मग खाली लिहिलं — 'सोनी.'