मेमसाहेबाच्या वाफ्यातला कुरडू

सगुणाने वाफा निंदला तेव्हा मी फाटकापाशी कुंड्यांना गेरू लावत होतो. परत आलो तर ही बायको माझी हात धुऊन उभी, शाबासकीची वाट पाहत.

"काय केलं वं हे?"

"निंदलं. बाई उद्या येऊन राहिल्या ना. पार जंगल झालं होतं."

"त्यायले जंगलच पाहिजे होतं."

"मंग कुंपणाबाहेर काय कमी आहे?"

आता हिला काय सांगावं. इंग्रजाच्या राज्यात मी नागपुरात सिव्हिल लाइन्समधल्या एका बंगल्यावर माळी होतो. मेमसाहेब पचमढीला जाताना बियांची पुडी देऊन गेल्या होत्या. क्लार्किया. पुडीवर गुलाबी चित्र. हे म्हणे अमेरिकेत माळावर, विरळ झाडीत आपोआप उगवते, एक हंगाम फुलते अन् मरते. इथेही ते आपोआप उगवल्यासारखं दिसलं पाहिजे. म्हणजे मी पेरायचं, झारीने पाणी घालायचं, आणि इथे माळी नाहीच असं दाखवायचं.

जाता जाता दमही दिला. परतल्यावर मोठ्या साहेबाची मेम बाग पाहायला येणार. तिच्यासमोर फजिती झाली तर क्वार्टर खाली करायचं. क्वार्टर म्हणजे तबेल्यामागची आमची एक खोली.

रोपं आली होती, पण कळी धरली नव्हती. सगुणाने ती गवत समजून उपटली. तुऱ्यावर आलेला कुरडू तेवढा राखला. आमच्या निंदणाऱ्या बाया तो राखतातच. पावसाळ्यात कोवळ्या पाल्याची भाजी होते. मग पांढरे-गुलाबी तुरे येतात, बी पडते, पुढच्या साली पुन्हा भाजी.

दुसऱ्या दिवशी बाई आल्या त्या पाहुणीला घेऊनच. वाफा पाहिला आणि त्यांचं हसू जागच्या जागी थांबलं. मागे सगुणा, पदर दातात धरून. मी मनात खाट-भांडी बांधायला घेतली.

पाहुणी छत्री टेकून वाकली. तुरे पाहून "वाईल्ड, वाईल्ड" म्हणत राहिली. बागेपुरतं इंग्रजी मला समजायचं. हे कसं जमवलं, असं ती विचारत होती.

आमच्या बाई म्हणाल्या, "व्हेरी डिफिकल्ट."

पाहुणीची बग्गी गेली. बाई माझ्याकडे वळल्या. "माली, ये क्या है?"

"कुरडू, हुजूर. हम लोग इसकी भाजी खाते हैं."

"अब नहीं खाओगे. बीज रखो. और अपनी औरत को इधर आने मत दो."

क्वार्टर वाचलं. वाफ्याला तार लागली. तारेच्या आत मी कुरडूला झारीने पाणी घालायचो, आणि तारेबाहेर रस्त्याच्या कडेला सगुणा तोच खुडायची. जेवताना विचारायची, "काहो, तारेतल्या तुमच्या साहेबी कुरडूले मीठ कमी लागते का?"

माळीकामात सारा जन्म गेला, शिकलो एवढंच. झाड तण आहे का फूल, हे त्याच्यापुढे छत्री टेकून कोण थांबलं त्यावर ठरते.

सगुणा गेली. अंगणात कुरडू माजला आहे. भाजी मला येत नाही, सून करते ती घशाखाली उतरत नाही. तरी निंदायला बसलो की तेवढा राखतो.