एकट्याला न उघडणारं दार

वर्गात शिरताना सर कुणाच्या तरी हातात हात अडकवत आणि उंबऱ्यावरच म्हणत, "एकट्याला न्हाई उघडत हे दार!"

सोनपेठच्या आमच्या कॉलेजात ते जीवशास्त्र शिकवायचे, मी मराठी. बहुतेक वेळा तो हात माझाच असे. मी साखरेतलं ग्लुकोज, ते मिठातलं सोडियम आणि वर्गाचं दार म्हणजे आतड्याच्या पेशीच्या आवरणातलं प्रथिन. दोघं सोबत आले तरच ते दोघांना आत घेतं, आणि त्यांच्यामागून पाणी जातं. "खरं तर एका ग्लुकोजला दोन सोडियम लागत्यात," सर पोरांना सांगत, "पण आपलं दार अरुंद हाय."

तुम्हीही असा एखादा हौशी मास्तर पाहिला असेल. मला तेव्हा तो पोरखेळ वाटायचा, हे कबूल करतो.

मग एका एकादशीला आईला सकाळपासून जुलाब सुरू झाले. मी दुकानातून क्षारांची पुडी आणली, तर त्यात मीठ आहे म्हणून तिनं तोंड फिरवलं. उपवास मोडायचा नाही म्हणून नुसतं साखरेचं पाणी पीत राहिली. दुपारी तिचे डोळे खोल गेले, तिला उठवेना. मी धावत बाहेर पडलो. रिक्षा घेऊन आलो, तर वाटेत भेटलेले सरही माझ्या मागोमाग घरात आले.

त्यांनी तांब्यातलं पाणी चाखलं. "आक्का, साखर एकटीच धाडली व्हय? ती दारातच उभी हाय."

"आज मीठ चालत न्हाई, सर."

"शेंदेलोण तर चालतंय की! मग तेच धाडू तिच्या संगं."

फराळाच्या डब्यातलं शेंदेलोण त्यांनी चमच्यानं मोजून साखरपाण्यात घातलं आणि घोट घोट पाजायला लावलं. "रिक्षा थांबू द्या. उतार न्हाई पडला तर दवाखाना," मला म्हणाले. दोन तासांनी मी रिक्षा परत पाठवली. संध्याकाळी आई उठून बसली आणि तिनं मला सरांसाठी भगर वाढायला लावली.

सर एकटे राहायचे. तेव्हापासून त्यांची एकादशी आमच्याकडेच. पण एकटे कधी आले नाहीत. कोपऱ्यावर माझी वाट बघत थांबायचे आणि हात अडकवूनच आत यायचे.

निवृत्तीनंतर ते लेकीकडे राहायला गेले. मजेत आहेत, फोन करतात. तरी दर एकादशीला मी कॉलेजातून परतलो की आई दार उघडते आणि आधी माझ्या मागं बघते.

"एकटाच आलास व्हय?" म्हणते, आणि मला आत घेते.